‘कूल’ म्हणजे नेमकं किती थंड?

२७ फेब्रुवारी १८६० रोजी न्यूयॉर्कच्या कूपर इन्स्टिट्यूटमध्ये अब्राहम लिंकन यांचं एक लांबलचक भाषण झालं. ते अजून राष्ट्राध्यक्ष झाले नव्हते, त्यांच्या रिपब्लिकन पक्षाची उमेदवारीही मिळायची होती. गुलामगिरीवरून देश फुटायच्या बेतात होता. दक्षिणेतले पुढारी बजावत होते की रिपब्लिकन पक्षाचा माणूस राष्ट्राध्यक्ष झाला तर आम्ही संघराज्य मोडू, आणि ते मोडल्याचं पाप मात्र तुमच्या माथी बसेल. दक्षिणेचं हे म्हणणं श्रोत्यांसमोर मांडून झाल्यावर लिंकन तीनच शब्द बोलले: ‘दॅट इज कूल.’

आजच्या कॉलेजातल्या मुलाने एवढंच वाचलं तर त्याला वाटेल, लिंकननी धमकीला दाद दिली. पण त्यांचं पुढचंच वाक्य वाटमाऱ्यावर आहे. तो कानाशी पिस्तूल लावतो आणि दातओठ खात म्हणतो, मुकाट्याने पैसे काढ, नाहीतर मी तुला ठार करीन आणि मग खुनी तू ठरशील! म्हणजे लिंकनच्या तोंडी कूलचा अर्थ होता ‘काय निर्ढावलेपणा आहे!’ शब्द तोच, स्पेलिंग तेच, आणि अर्थ आजच्या जवळजवळ उलटा.

शब्दाचा ‘खरा’ अर्थ कोशात असतो आणि पोरांनी बिघडवलेला दुसरा अर्थ रस्त्यावर, अशी एक समजूत आपल्या डोक्यात शाळेपासून बसलेली असते. कूलच्या बाबतीत ही वाटणी काही टिकत नाही. गारवा, शांतपणा, तुटकपणा, निर्लज्जपणा, ‘मस्त’, ‘चालेल’, ‘नको’ हे सगळे अर्थ एकातून एक निघाले आहेत. दर वेळचं पाऊल इतकं लहान की ते कोणाच्या लक्षातही आलं नसेल. पहिलं आणि शेवटचं टोक शेजारी ठेवलं तर मात्र नातं ओळखू येत नाही.

पहिलं टोक अर्थातच तापमानाचं. हा शब्द इंग्रजीत अगदी आरंभापासून आहे. जुन्या इंग्रजीत तो ‘कोल’ असा होता. कूल, कोल्ड आणि चिल ही एकाच मुळाची भावंडं. त्याच मुळापासून लॅटिनमध्ये गोठण्याचं क्रियापद आलं आणि त्यातून पुढे जिलेटिन आणि जेली. तेव्हा बशीत थरथरणारी जेली ही कूलची दूरची बहीण लागते, हे सहज जाता जाता.

कूल आणि कोल्ड यांत फरक काय? कोश सांगतो, कूल म्हणजे बेताचा थंड. पण बोलणाऱ्याच्या मनात अंशांपेक्षा जास्त काहीतरी असतं. उन्हातून आल्यावर अंगावर आलेली झुळूक कूल, आणि तीच झुळूक पहाटे पांघरूण सरकल्यावर कोल्ड. कूलमध्ये बहुतेक वेळा ‘बरं वाटलं’ हे आधीच मिसळलेलं असतं, कोल्डमध्ये तक्रार. मराठीत ‘गार’ आणि ‘थंड’ यांच्यात अशी पक्की वाटणी नाही, म्हणून भाषांतर करताना ही छटा हमखास निसटते. अंशांचा हिशेब ठेवणारे लोकही आहेत म्हणा. युनायटेड स्टेट्स फार्माकोपिया या अमेरिकेतल्या औषध-मानकांच्या ग्रंथात कूल म्हणजे ८ ते १५ अंश सेल्सिअस आणि कोल्ड म्हणजे ८ अंशांपेक्षा जास्त नाही, असं स्पष्ट ठरवून दिलेलं आहे. या शब्दाची इतकी काटेकोर व्याख्या मला दुसरीकडे सापडलेली नाही.

शब्द गारव्यापासून मनाकडे कधी वळला हे पाहायला गेलं तर गंमत वाटते. कारण तो जवळपास पहिल्यापासूनच वळलेला दिसतो. ‘बेओवुल्फ’ या जुन्या इंग्रजी महाकाव्याचं एकुलतं एक हस्तलिखित साधारण हजार वर्षांपूर्वीचं आहे. त्यात एके ठिकाणी काळजीच्या उसळत्या लाटा कूल होतील, असं आश्वासन येतं. दुसऱ्या ठिकाणी, जुन्या वैराच्या आठवणीने पेटलेल्या एका राजपुत्राचं बायकोवरचं प्रेम कूल होत जाईल, असं भाकीत येतं. दोन्हीकडे मनातली उष्णता कमी होण्याचीच गोष्ट आहे. पण काळजी निवली तर ते चांगलं आणि प्रेम निवलं तर ते वाईट. पुढच्या हजार वर्षांत या शब्दाला दोन तोंडं का राहिली, याचं उत्तर या दोन ओळींतच आहे. कूल म्हणजे उष्णता नाही, एवढंच. ती उष्णता रागाची होती की मायेची, यावर स्तुती की निंदा हे ठरतं.

शेक्सपिअर त्याचा उपयोग स्तुतीच्या बाजूने करतो. ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’मध्ये थिसिअस प्रेमिकांच्या आणि वेड्यांच्या तापलेल्या कल्पनांसमोर कूल रीझन, म्हणजे थंड डोक्याची बुद्धी, उभी करतो. ‘हॅम्लेट’मध्ये राणी मुलाला विनवते की तुझ्या मनाच्या आगीवर कूल धीराचा शिडकावा कर. आगीवर पाणी शिंपडावं तसा धीर शिंपडायचा! इथे शब्दातलं तापमान अजून जिवंत आहे, नुसतं लाक्षणिक झालेलं नाही.

दुसरी बाजू पाहायची तर नोआ वेब्स्टर यांचा १८२८ सालचा अमेरिकन कोश उघडावा. मनाला लावलेला कूल त्यांनी जवळजवळ सगळा नकारांनीच समजावला आहे: उत्कट नाही, रागावलेला नाही, लळा नाही, कसल्याही भावनेने हललेला नाही. आणि उदाहरणं काय, तर कूल फ्रेंड आणि कूल लव्हर! वेब्स्टरच्या काळात कूल फ्रेंड म्हणजे भेटला तरी अंतर राखणारा मित्र. आज कोणी ‘माझा एक कूल फ्रेंड आहे’ म्हणालं तर त्याला तो मित्र चार लोकांत मिरवायचा असतो. मधल्या काळात शब्दाच्या अक्षरालाही धक्का लागलेला नाही.

हा तुटकपणाचा अर्थ मेलेला नाही, हे इंग्रजी वर्तमानपत्र वाचणाऱ्याने जरूर लक्षात ठेवावं. ‘प्रस्तावाला कूल रिसेप्शन मिळालं’ असं छापून आलं तर प्रस्ताव कोणाला आवडलेला नाही. मराठीत आपण ‘थंडा प्रतिसाद’ म्हणतो तेच ते. रिसेप्शन, रिस्पॉन्स, टोन, रिलेशन्स यांच्याआधी कूल आला की नव्वद टक्के वेळा बातमी वाईट समजावी (नव्वद हा आकडा माझा, मोजलेला नाही).

शांतपणातूनच निर्लज्जपणाची फांदी फुटली. जिथे माणसाने ओशाळायला हवं, घाबरायला हवं, निदान डोळे तरी चोरायला हवेत, तिथे तो निवांत आहे. मग तो निवांतपणाच अपमान वाटू लागतो. एकोणिसाव्या शतकात अशा माणसाला कूल कस्टमर म्हणू लागले, आणि ‘दॅट इज कूल’ हे तोंडात बोट घालून म्हणायचं वाक्य झालं. लिंकननी वापरला तो हाच अर्थ. कूल कस्टमर आजही ऐकू येतो, पण त्यातली निंदा बरीच विरघळली आहे आणि कौतुक वर आलं आहे. काकडीसारखा कूल असाही एक वाक्प्रचार आहे, तो जॉन गे या कवीच्या १७३२ सालच्या कवितेत सापडतो आणि अजून चालू आहे.

पैशाची फांदी त्याहून विचित्र. ‘अ कूल मिलियन’ म्हणजे चक्क दहा लाख, रोख, मोजून. अठराव्या शतकापासून मोठ्या रकमेच्या आधी हा शब्द लावायची इंग्रजीत रीत आहे, आणि तो तिथे काय करतो हे इंग्रजांनाही धड सांगता येत नाही. डिकन्सने त्याची थट्टाच केली आहे. १८६०-६१ मध्ये क्रमशः आलेल्या ‘ग्रेट एक्सपेक्टेशन्स’ या त्याच्या कादंबरीत भोळा लोहार जो गार्जरी कथानायक पिपला एका मृत्युपत्राची हकिकत सांगतो आणि ‘कूल चार हजार’ पौंड असं पुन्हा पुन्हा म्हणतो. पिप मनात म्हणतो की या चार हजारांचं तापमान जोने कुठून आणलं ते मला कधीच कळलं नाही, पण रक्कम कूल आहे म्हटल्याने त्याला ती जास्त मोठी वाटत होती एवढं खरं. माझ्या मते इथेही शांतपणाच आहे. इतका मोठा आकडा आवाज न चढवता उच्चारायचा, त्यातली ऐट.

बाकी किरकोळ: कूलर म्हणजे जुन्या बोलीत तुरुंगातली कोठडी, डोकं निवावं म्हणून. टाचा कूल करणं म्हणजे कोणाच्या तरी दारात ताटकळणं. आणि करारातला कूलिंग-ऑफ पीरिअड हा तर कायद्याचाच शब्द. युरोपीय संघात ऑनलाइन घेतलेली बहुतेक वस्तू कारण न देता परत करायला ग्राहकाला १४ दिवस मिळतात, म्हणजे खरेदीचा ताप उतरायला तेवढा अवधी.

आता मुख्य वळण. कूल म्हणजे ‘मस्त’, ‘भारी’, हा अर्थ कुठून आला?

तो अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या बोलीतून आला, यावर अभ्यासकांचं फारसं दुमत नाही. छापील पुराव्यांत नेहमी दाखवलं जाणारं एक वाक्य झोरा नील हर्स्टन यांच्या १९३३ सालच्या ‘द गिल्डेड सिक्स-बिट्स’ या कथेत आहे. फ्लोरिडातलं एक तरुण जोडपं गावात नव्याने आलेल्या एका दिमाखदार माणसाबद्दल बोलत असतं. नवरा त्याचं वर्णन करता करता म्हणतो की त्यात आणखी कूल काय, तर त्याने पैसाही साठवला आहे. हर्स्टन मानववंशशास्त्र शिकलेल्या होत्या आणि फ्लोरिडात फिरून लोककथा गोळा करत होत्या. लोक जसे बोलत तसंच लिहिण्याकडे त्यांचा कटाक्ष होता. त्यामुळे कागदावर १९३३ असलं तरी तोंडात हा अर्थ त्याच्या आधीपासून असणार. बोलीभाषेच्या शब्दांचं नेहमी असंच होतं. तो जन्मतो एका वर्षी आणि छापला जातो भलत्याच वर्षी, बहुतेकदा कोणाला तरी तो लिहिण्याजोगा वाटला म्हणून.

पण हा अर्थ जगभर पोहोचवला जॅझने. आणि यात एक उलटापालट आहे. १९२० च्या दशकात जॅझची स्तुती करायची तर शब्द होता हॉट. लुई आर्मस्ट्राँगच्या गाजलेल्या वाद्यवृंदाचं नावच हॉट फाइव्ह. वेग, जोश, कर्ण्यासारखा चढा सूर, ही त्या हॉटची ओळख. मग लेस्टर यंग आला. काउंट बेसीच्या वाद्यवृंदातला हा सॅक्सोफोनवादक हलक्या, सैल, जराही घाई नसलेल्या सुरात वाजवायचा. रात्री रंगमंचावरही काळा चष्मा लावायचा, चपट्या टोपीत वावरायचा, आणि बोलायचा तर स्वतःच घडवलेल्या सांकेतिक भाषेत. कूल हा शब्द ‘ठीक आहे, सगळं ताब्यात आहे’ या अर्थाने संगीतकारांत रुळवण्याचं श्रेय अनेक जण त्यालाच देतात. एखाद्या बोलीशब्दाचं श्रेय एका माणसाला देणं मला जरा धाडसाचं वाटतं, पण त्याच्या वाजवण्यात आणि वावरण्यात शब्दाचा अर्थ डोळ्यांना दिसत होता हे खरं. १९४७ मध्ये चार्ली पार्करने ‘कूल ब्लूज’ ध्वनिमुद्रित केलं. १९४९-५० मध्ये माइल्स डेव्हिसने नऊ जणांचा संच घेऊन जी मुद्रणं केली, ती १९५७ मध्ये एकत्र आली तेव्हा तबकडीचं नाव होतं ‘बर्थ ऑफ द कूल’. तोवर कूल हे एका संगीतशैलीचं नाव झालं होतं.

शांतपणाची एवढी किंमत का? त्या काळी अमेरिकेत वर्णभेद कायद्याने चालत होता. कृष्णवर्णीय कलावंताने गोऱ्या श्रोत्यांसमोर दात काढून हसावं, अशी अपेक्षा असे. राग दाखवला तर जिवावर बेतायची शक्यता. हसणं आणि चिडणं यांच्यामधली तिसरी जागा म्हणजे निर्विकार चेहरा: मी तुमच्यासाठी हसणार नाही आणि माझा रागही तुम्हाला दिसू देणार नाही. काळ्या चष्म्याचं कामही तेच, डोळे झाकायचे. १९५० च्या दशकात हा मुखवटा गोऱ्या तरुणांनी उचलला तेव्हा त्यांना तो नुसता ऐटबाज वाटला. त्यामागची गरज त्यांना कधी पडलीच नव्हती.

या गोष्टीचं मूळ आणखी मागे नेणारेही आहेत. रॉबर्ट फॅरिस थॉम्पसन या येल विद्यापीठातल्या कला-इतिहासकाराने १९७३ मध्ये मांडलं की पश्चिम आफ्रिकेतल्या योरुबा लोकांत ‘इतुतु’ नावाची कल्पना आहे. गारवा आणि मनाचं संतुलन दोन्ही त्या एका शब्दात येतात. संकटात न डगमगणारा, उदार, चेहऱ्यावर शांती असलेला माणूस हा तिथला आदर्श, आणि गुलाम म्हणून आणलेल्या लोकांबरोबर तो अमेरिकेत आला असणार. हे पटण्याजोगं आहे. पण शांत म्हणजे कूल हे इंग्रजीतही हजार वर्षांपासून होतंच, तेव्हा कुठला झरा किती मोठा हे ठरवणं अवघड. दोन प्रवाह एकाच शब्दात येऊन मिसळले, असं मानायला माझी हरकत नाही.

कूल तेव्हा सगळ्यांना स्तुतीच वाटत होता असंही नाही. ग्वेंडोलिन ब्रूक्स यांची ‘वी रिअल कूल’ ही १९५९ सालची कविता शाळा बुडवून खेळात रमलेल्या सात पोरांच्या तोंडी आहे. आठ छोट्या ओळी, आणि शेवटची ओळ त्यांच्या लवकर येणाऱ्या मरणाची. कूल दिसण्याच्या हट्टाची किंमत मी वाचलेल्यांपैकी कोणी याहून कमी शब्दांत मांडलेली नाही.

हे सगळं कोशात कुठे सापडतं? इथे कोश वाचण्याची एक युक्ती सांगायला हवी. सगळे कोश अर्थ एकाच क्रमाने देत नाहीत. ऑक्सफर्डचा मोठा ऐतिहासिक कोश जो अर्थ आधी आला तो आधी देतो, म्हणून तिथे गारवा वर आणि ‘मस्त’ बऱ्याच खाली. भाषा शिकणाऱ्यांसाठी केलेले कोश जो अर्थ जास्त वापरात आहे तो वर आणतात. तेव्हा पहिल्या क्रमांकाचा अर्थ हाच ‘खरा’, असं समजून चालू नये. पहिला क्रमांक कधी वयाचा असतो, कधी लोकप्रियतेचा. तीच गोष्ट ‘इन्फॉर्मल’ आणि ‘स्लँग’ या शिक्क्यांची. हे शिक्के शब्द चूक आहे असं सांगत नाहीत, तो कुठे वापरावा एवढंच सांगतात. कूलवर एके काळी स्लँगचा शिक्का असे. आता बरेच कोश नुसतं इन्फॉर्मल म्हणतात, म्हणजे एका गटाची खूण होती ती पुसली गेली आणि घरगुती बोलण्यातला सर्वांचा शब्द झाला. ऑक्सफर्डच्या पहिल्या आवृत्तीतला ‘सी’ अक्षराचा हा भाग १८९० च्या दशकाच्या सुरुवातीला छापला गेला. तो चाळणाऱ्याला आजचा सर्वांत चालता अर्थ सापडणार नाही, कारण अजून तो संपादकांपर्यंत पोहोचायचा होता.

स्लँगचा नियम असा की ती लवकर शिळी होते. आईबापांच्या तोंडी आली की पोरं ती टाकून देतात. कॅब कॅलोवे या बँडप्रमुखाने १९३८ मध्ये न्यूयॉर्कमधल्या हार्लेमच्या संगीतकारांच्या बोलीचा एक छोटा कोश काढला होता. त्यातला ‘किलर-डिलर’ आज कोणाला कळणार नाही. ‘ग्रूव्ही’ कळतो, पण म्हणणारा माणूस जुन्या कपड्यांत आल्यासारखा वाटतो. स्वेल गेला, हेप गेला, फार आउट गेला. कूल मात्र नव्वद वर्षं टिकला, आजोबा आणि नात दोघंही तो बिनदिक्कत वापरतात, आणि जर्मन, फ्रेंच, मराठी बोलणाऱ्यांनीही तो आहे तसा उचलला.

का टिकला? मला वाटतं, तो मुळातच आवाज न चढवणारा शब्द आहे म्हणून. कौतुकाचे बाकीचे शब्द उसळी मारतात, ‘भन्नाट’, ‘जबरदस्त’, ‘वेड लावलं’, आणि उसळी पुन्हा पुन्हा मारली की दमतात. मग त्याहून मोठा शब्द लागतो. कूल पहिल्यापासूनच खालच्या पट्टीत लागलेला, त्याला दमायचं कारण नाही. दुसरं असं की तो कौतुकावर थांबला नाही. ‘मस्त’वरून ‘ठीक’, ‘ठीक’वरून ‘समजलं’, असा तो उतरत गेला आणि रोजच्या बोलण्यात हुंकाराच्या जागी जाऊन बसला. हुंकार कधी जुने होत नाहीत.

या प्रवासात त्याचं मूळ सामान मात्र वाटेत पडत चाललं आहे. २०२५ मध्ये ‘जर्नल ऑफ एक्सपेरिमेंटल सायकॉलॉजी: जनरल’मध्ये एक अभ्यास आला. डझनभर देशांतल्या सुमारे सहा हजार लोकांना ओळखीतला एखादा माणूस डोळ्यांसमोर आणायला सांगितलं होतं, कोणाला कूल, कोणाला चांगला, कोणाला या दोन्हींच्या उलट. मग त्या माणसाचे गुण विचारले. देश कुठलाही असो, कूल माणसाचं चित्र बरंच सारखं निघालं: लोकांत मिसळणारा, सुखाचा भोक्ता, वजन असलेला, धाडसी, नव्याला मोकळा, आपल्या मर्जीने चालणारा. आणि शांत? तो गुण लोकांनी कूल माणसापेक्षा चांगल्या माणसाच्या पदरात जास्त टाकला. म्हणजे ज्या शांतपणातून हा सगळा पसारा निघाला, तोच कूलच्या व्याख्येत मागच्या बाकावर गेला आहे. लेस्टर यंगला हे ऐकून काय वाटलं असतं कोण जाणे.

आता वापराकडे. एकच शब्द इतके अर्थ वाहतो, तरी इंग्रजी बोलणाऱ्यांचा घोटाळा फारसा होत नाही, कारण अर्थ ठरवायला शब्दाचे शेजारी असतात. सगळ्यांत भरवशाचा शेजारी म्हणजे त्याच्यामागचं शब्दयोगी अव्यय. ‘शी वॉज कूल विथ इट’ म्हणजे तिची हरकत नव्हती. ‘शी वॉज कूल अबाउट इट’ म्हणजे तिने ते मनाला लावून घेतलं नाही, कदाचित चिडायला कारण असूनही. आणि ‘शी वॉज कूल टू मी’, ‘टुवर्ड्‌ज मी’ म्हणजे ती माझ्याशी तुटकपणे वागली. इथे वेब्स्टरचा कूल फ्रेंड परत आला. ‘टू मी’च्या बाबतीत तरुणांच्या बोलण्यात ‘माझ्याशी छान वागली’ असा अर्थही निघू शकतो, तेव्हा बोलणाऱ्याचं वय पाहावं. विथ, अबाउट आणि टू यांवर लक्ष ठेवलं की निम्मं काम झालं.

कर्ता बदलला तरी अर्थ बदलतो. ‘ही इज कूल’ म्हणजे तो मस्त माणूस आहे, पण काहीतरी लपूनछपून चाललेलं असताना हळूच म्हटलं तर ‘तो आपला आहे, त्याच्यासमोर बोलायला हरकत नाही’. ‘वी आर कूल’ म्हणजे आपल्यात आता भांडण नाही. प्रश्न म्हणून विचारलं, ‘आर वी कूल?’, तर समोरचा समेट मागतो आहे, स्वतःची तारीफ करत नाही. ‘आय अ‍ॅम कूल’ सगळ्यांत फसवं. कोणी काही देऊ केलं आणि उत्तर ‘नो, आय अ‍ॅम कूल’ असं आलं तर ते ‘नको, मी ठीक आहे’. ‘मी किती भारी’ असं तो म्हणत नाही. शिकणारा इथे हमखास चकतो, आणि समोरच्याला वाटतं याला कळलंच नाही मी नको म्हणालो ते.

क्रियापद झाला की तो हुकूम होतो. ‘कूल इट’ म्हणजे आवर स्वतःला. ‘बी कूल’ यात दोन अर्थ दडलेत: चिडू नकोस, आणि चेहऱ्यावर काही दाखवू नकोस. ‘प्ले इट कूल’मध्ये दुसराच उरतो, आतून कितीही उतावीळ असलास तरी बाहेर दिसू देऊ नकोस. नामही दोन. ‘द कूल ऑफ द डे’ हे १६११ च्या इंग्रजी बायबलमधलं, संध्याकाळचा गारवा. ‘लूझ युवर कूल’मधला कूल विसाव्या शतकातला, तो हरवला की माणूस भडकतो.

माझ्या मते या सगळ्यांत रोचक जोडी आहे ‘अनकूल’ आणि ‘नॉट कूल’ यांची. व्याकरणाने दोन्ही एकच असायला हवेत. पण अनकूल म्हणजे फॅशनला सोडून, गबाळा, मागासलेला. यात कोणाची चूक नाही, फार तर कीव येते. ‘दॅट इज नॉट कूल, मॅन’ हे मात्र कपड्यांबद्दल कोणी सहसा म्हणत नाही. मित्राचं गुपित फोडलं, दुबळ्याची टिंगल केली, रांगेत घुसला, की हे वाक्य येतं. म्हणजे नैतिक नापसंती दाखवायचं काम कूलने अंगावर घेतलं, तेही नकार लावल्यावरच. गमतीचा भाग हा की हा ठपका जाणूनबुजून सौम्य आहे. ‘हे चुकीचं आहे’ म्हटलं तर न्यायाधीश झाल्यासारखं वाटतं, ‘नॉट कूल’ म्हटलं तर मित्र राहूनच कान पकडता येतो. पण याच सौम्यपणामुळे गंभीर गुन्ह्याबद्दल तो वापरला की विलक्षण थिल्लर वाटतो. कोणाच्या मरणाच्या, मारहाणीच्या बातमीखाली ‘नॉट कूल’ लिहू नये.

लिहिताना आणखी एक अडचण येते, आवाज नसतो. तोंडी ‘कूल’ म्हणताना स्वर लांबवला की कौतुक, आखूड तोडला की ‘समजलं, पुढे चल’. मेसेजमध्ये ते काम विरामचिन्हांना करावं लागतं. उद्गारचिन्ह असेल तर आनंद आहे. काहीच नसेल तर नुसती पोच. एकट्या ‘कूल’ या शब्दामागे पूर्णविराम असला तर अनेक तरुण वाचकांना समोरचा नाराज वाटतो, जरी लिहिणाऱ्याने शाळेत शिकवल्याप्रमाणे वाक्य पूर्ण केलं असेल. तीनदा ‘कूल कूल कूल’ आलं तर बहुधा मामला कूल नाही, माणूस अवघडलेला आहे आणि वेळ काढतो आहे. आणि कोणी लांबलचक हकिकत सांगितल्यावर उत्तर ‘कूल स्टोरी, ब्रो’ असं आलं, तर हकिकत तिथेच थांबवलेली बरी.